खिशातला हात

बाबांना खोकला आला की आधी त्यांचा उजवा हात पँटच्या खिशात जायचा आणि मग खोकला बाहेर पडायचा. शिंकेचंही तसंच. आमचा छापखाना नारायण पेठेत, वाड्याच्या तळमजल्यावर. कागदाची धूळ, शाईचा वास, खिळे म्हणजे शिशाची अक्षरं धुवायचं रॉकेल. दिवसाकाठी दहा-पंधरा शिंका तरी यायच्या, आणि दर शिंकेला हात खिशात. मला वाटायचं, रुमाल शोधतायत. रुमाल काही कधी बाहेर आला नाही. पण बापाची लकब मुलाला घरातल्या खुंटीसारखी सवयीची असते, तिच्याकडे कोण निरखून बघतं?

ती लकब मला पुन्हा दिसली ती २०१९ च्या ऑक्टोबरात, माझ्याच अंगावर.

त्या वर्षी २५ सप्टेंबरच्या रात्री आंबिल ओढ्याला पूर आला. पुण्यातला माणूस ती रात्र विसरायचा नाही. आमचं कागदाचं गोदाम दांडेकर पुलाजवळच्या एका गल्लीत होतं. दिवाळी अंकांचे दिवस, गोदाम गच्च भरलेलं. रात्री शेजाऱ्यांचा फोन आला की पाणी उंबऱ्याला लागलंय. मी आणि मशीनवरचा पोरगा कसेबसे पोहोचलो आणि खालच्या थरातली रिमं उचलून माळ्यावर टाकायला लागलो. डबल डेमी साठ जीएसएमचं एक रीम पंधरा-सोळा किलोचं असतं. किती उचलली ते मोजलं नाही, चाळीस तरी असतील. पाणी गुडघ्याला लागलं तेव्हा उरलेली तशीच सोडून बाहेर पडलो. त्या रात्री शहरात माणसं गेली, भिंती कोसळल्या, गोठ्यातली जनावरं दाव्यासकट वाहून गेली. आमचा नुसता कागद भिजला होता. त्याचं दुःख करायचीही लाज वाटली.

चार-पाच दिवसांनी आंघोळ करताना साबणाचा हात उजव्या जांघेवरून फिरला आणि थबकला. तिथं सुपारीएवढा उंचवटा होता. मऊ. दुखत नव्हता. दाबला की आत जायचा, बोट काढलं की परत यायचा. रात्री अंथरुणावर पडल्यावर चाचपून पाहिलं तर काहीच नाही, डावीउजवीकडे सारखंच. मी सुटकेचा श्वास टाकला. सकाळी उभा राहिलो, दात घासताना खाकरलो आणि तो पुन्हा हजर.

तीन आठवडे मी हे कुणाला सांगितलं नाही. बायकोलाही नाही. आमच्या लग्नाला तेव्हा तेवीस वर्षं झाली होती. माझ्या मूळव्याधीपासून दाताच्या कवळीपर्यंत सगळं तिला ठाऊक. तरी हे सांगवेना. जागाच तशी. ‘पोटात दुखतंय’ म्हणता येतं, ‘कंबर धरलीय’ म्हणता येतं, पण ओटीपोट आणि मांडी यांच्या मधल्या त्या चार बोटं जागेचं नाव आपण घरात मोठ्यानं घेत नाही. सैल पँट घालू लागलो. कुणी बघत नाही असं बघून हात तिथं न्यायचा, आहे का गेलं ते पाहायचं. दिवसातून वीसदा.

आणि मग एका दुपारी ऑफसेट मशीनपाशी उभा असताना शिंक आली. शिंक नाकात असतानाच माझा उजवा हात खिशात गेला, कापडाआडून जांघ दाबली आणि मग मी शिंकलो. हात तिथंच राहिला. मला समोर बाबा दिसले. खिळ्यांच्या केससमोर उभे, डोळे मिटलेले, शिंकेची वाट बघत, हात खिशात.

बाबांना जाऊन तेव्हा वीस वर्षं झाली होती. १९९९ मध्ये ते हृदयविकारानं गेले. त्यांना हर्निया होता हे मला त्या दुपारी, त्या एका शिंकेत कळलं.

त्यानंतरचे काही दिवस माझं लहानपण मागच्या पानापासून पुन्हा वाचल्यासारखे गेले. बाबा मूळचे जुळारी, म्हणजे खिळे जुळवणारे, पुढे स्वतःचं मशीन घेतलं. जुळवलेल्या खिळ्यांचा फर्मा लोखंडी चौकटीत आवळून दगडावरून मशीनपर्यंत न्यायचा असतो. आठ पानी फर्मा म्हणजे शिशाची लादीच. तो पोटाशी धरून ते पाच-सात पावलं चालायचे, ठेवायचे आणि मग क्षणभर मशीनला टेकून उभे राहायचे. माझ्या लेखी ती त्यांची विश्रांतीची पद्धत होती. ज्ञानोबांची पालखी पुण्यातून निघाली की ते तिच्याबरोबर दिवे घाट चढून सासवडपर्यंत जायचे, दर वर्षी. मी दहा-अकरा वर्षांचा असताना एका आषाढात ते हडपसरहूनच परत आले आणि पुढे कधी घाट चढले नाहीत. ‘काम पडलंय’ एवढंच म्हणाले. आजी त्यांच्यावर रागावली होती.

पण मला सगळ्यात जास्त आठवली ती विसर्जन मिरवणूक. लक्ष्मी रोडला तोबा गर्दी. माझ्या वयाची सगळी मुलं बापाच्या खांद्यावर. मानाचे गणपती त्यांना थेट दिसायचे, ढोल वाजले की ती बापाच्या डोक्यावर ताल धरायची. बाबांनी मला कधी खांद्यावर घेतलं नाही. ते छापखान्यातून एक लाकडी खोकं घेऊन यायचे, छपाईचे ब्लॉक ठेवायचं. ते फुटपाथच्या कडेला पालथं घालायचे आणि मला त्यावर उभं करायचे. मागून दोन्ही हातांनी धरून ठेवायचे. मला मिरवणूक दिसायची, पण खांद्यावरच्या मुलांची पाठही दिसायची. ती बोच मी किती वर्षं बाळगली हे सांगायला संकोच वाटतो. बाप झाल्यावर मी माझ्या मुलाला पाय दुखेस्तोवर खांद्यावर मिरवला, तो काही अंशी त्या खोक्यावरचा राग होता.

एका रविवारी जिन्याखालची जुनी पेटी उघडली. पितळी रूळ, झिजलेले ब्लॉक, शाईचे सुकलेले डबे. तळाशी वर्तमानपत्रात गुंडाळलेला एक पट्टा सापडला. चामड्याचा, आतून पोलादी पट्टीची स्प्रिंग, एका टोकाला पुरीएवढी फुगीर गादी. कमरेभोवती आवळला की ती गादी बरोबर उजव्या जांघेवर बसेल असा. चामडं घामानं काळं पडलेलं. गादीवरचं मूळ कापड फाटून गेलेलं होतं आणि त्यावर मऊ सुती कापड बारीक टाक्यांनी शिवलेलं होतं. फिकट जांभळं, काठाचा एक धागा राहिलेलं. तो टाका मी ओळखला. आमच्या घरातल्या सगळ्या गोधड्या त्याच टाक्यानं शिवलेल्या आहेत.

पट्टा परत गुंडाळून ठेवला. आई वरच्या खोलीत होती. विचारायचं धाडस झालं नाही.

त्या रात्री मात्र बायकोला सांगितलं. ती पहिल्यांदा चिडली ती तीन आठवड्यांवरून. मग दिवा लावून म्हणाली, “उभे राहा, बघू दे.” सकाळी तिनंच सदाशिव पेठेतल्या सर्जनची वेळ घेतली.

तपासणी दोन मिनिटांची होती. “उभे राहा. मान तिकडे करा. खोका.” मी खोकलो. त्यांच्या बोटाखाली ते आलं. झोपवून पुन्हा पाहिलं. मग त्यांनी औषधाच्या कागदाच्या पाठीवर चित्र काढलं. मुलगा आईच्या पोटात असतो तेव्हा त्याचे वृषण सुरुवातीला पोटातच, वर मूत्रपिंडांच्या जवळपास असतात. सातव्या महिन्याच्या सुमाराला ते जांघेतल्या एका तिरक्या वाटेनं खाली उतरतात. उतरताना पोटातल्या अस्तराचा एक पदर बरोबर ओढत नेतात. नंतर तो पदर मिटून जातो. कुणाकुणाचा नीट मिटत नाही. उजवीकडचा वृषण जरा उशिरा उतरतो, म्हणून उजव्या बाजूचे हर्निये जास्त. ती वाट वर्षानुवर्षं मुकी राहते आणि मग पन्नाशीच्या आगेमागे कधीतरी आतड्याचा किंवा आतल्या चरबीचा पदर तिच्यातून डोकावतो. काहींची ती वाट मिटलेली असते, पण शेजारची भिंतच वयानं विरते. तो दुसरा प्रकार. माझा पहिला.

“म्हणजे त्या रात्री रिमं उचलली म्हणून नाही?” मी विचारलं.

“रिमांनी दार ढकललं असेल. दार आधीपासून होतं,” ते म्हणाले. “वडिलांना होता का?”

“होता,” मी म्हणालो. तो शब्द तोंडातून पहिल्यांदा निघाला.

घराण्यात असला की शक्यता वाढते, हे त्यांनी सांगितलं. आणि हेही की चार पुरुषांतल्या एकाला तरी आयुष्यात कधी ना कधी हा होतो. बायकांनाही होतो, पण बराच कमी. चारांत एक! मी बाहेर येऊन बाकावर बसलो आणि समोरच्या रस्त्यावरून जाणारे लोक बघत राहिलो. चितळ्यांच्या दुकानापुढची रांग, बसच्या दांडीला लोंबकळणारे, लॉटरीवाला. एवढे सगळे खिशात हात घालून हिंडत असणार आणि एकानंही मला कधी सांगितलं नव्हतं.

ऑपरेशन लगेच करायलाच हवं असं नाही, हे ऐकून मला आश्चर्य वाटलं होतं. डॉक्टरांनी अमेरिकेतल्या एका अभ्यासाचं सांगितलं, २००६ मध्ये प्रसिद्ध झालेला. फार त्रास नसलेले ७२० पुरुष घेतले, निम्म्यांचं ऑपरेशन केलं, निम्म्यांना नुसतं लक्ष ठेवायला सांगितलं. थांबलेल्यांपैकी आतडं अडकून तातडीची वेळ फार थोड्यांवर आली. हजार माणसांमागे वर्षाला दोनाहूनही कमी. दोन वर्षांत चौथ्या हिश्शाच्या आतबाहेर लोक आपणहून ऑपरेशनकडे वळले, बहुतेक दुखण्यामुळे. थांबलेल्या सगळ्यांचा पुढे दहा वर्षांपर्यंत माग काढला तेव्हा दोन तृतीयांश लोकांनी ऑपरेशन करून घेतलेलं होतं. “म्हणजे थांबणं सुरक्षित आहे,” डॉक्टर म्हणाले, “पण बरं होणं नाही. हा आपणहून जात नाही, हळूहळू मोठाच होतो. थांबायचं तर उघड्या डोळ्यांनी थांबा.” बायकांच्या बाबतीत मात्र ते असं थांबायला सांगत नाहीत, कारण त्यांच्यात जांघेच्या जरा खालचा, पटकन अडकणारा हर्निया असण्याची शक्यता जास्त.

मी थांबलो. समोर दिवाळी अंक होते, भिजलेल्या कागदाचं नुकसान होतं. पण त्या दिवसापासून माझं थांबणं वेगळं झालं. आधीचे तीन आठवडेही मी थांबलोच होतो, पण ते लपणं होतं. बाबा पंचवीस वर्षं थांबले असं मी म्हणू शकत नाही. ते लपले. दोन्हींत बाहेरून काहीच फरक दिसत नाही, गाठ तेवढीच, पट्टा तोच. पण लपणाऱ्याला कुणाला हाक मारता येत नाही, आणि या दुखण्यात वेळ आली तर हाक मारता येणं यावरच सगळं असतं.

तीन वर्षं आम्ही, म्हणजे मी आणि तो, एका घरात राहिलो. सकाळी तो नसल्यासारखा. दुपारी तीननंतर जाणवायला लागायचा, जांघेत कुणी ओली पिशवी टांगून ठेवल्यासारखा ओढ देणारा जडपणा. उभ्याचं काम वाईट. पर्वतीच्या पायऱ्यांनी कधी त्रास दिला नाही, पण मशीनपाशी दोन तास उभं राहिलं की पुरे. सगळ्यात त्रासाची गोष्ट कोणती होती सांगू? स्कूटर डबल स्टँडवर लावणं. आयुष्यभर हँडल धरून, पायानं दाबून, एका झटक्यात गाडी मागे खेचली होती. त्या झटक्याला पोटातला सगळा दाब बरोबर तिथं येतो. मी साइड स्टँडवर आलो. पेठेत दोन गाड्यांच्या फटीत साइड स्टँडवर गाडी लावली की लोक बोलतात. बोलू दिलं.

रीम उचलणं बंद केलं. चाकाची गाडी घेतली, जी खरं तर बाबांच्या वेळीच घ्यायला हवी होती. काही उचलायची वेळच आली तर श्वास कोंडून न उचलता सोडत उचलायचं. हे डॉक्टरांनी करून दाखवलं होतं. कोठा साफ ठेवायचा, कुंथायचं नाही. रात्री इसबगोल, जेवणात भाकरी, पालेभाजी. धुळीत मास्क. शिंक आली तर हात. आता तो हात खिशात लपवत नव्हतो, सरळ बाहेरून दाबत होतो. मशीनवरचा पोरगा आधी नजर चुकवायचा. त्याला एकदा समोर बसवून सगळं सांगितलं. त्यानंतर शिंकेचा आवाज आला की तो माझ्या हातातलं सामान आधी काढून घ्यायचा.

पट्टाही वापरला. आताचा इलॅस्टिकचा असतो, सर्जिकलच्या दुकानात मिळतो. तो बरं करत नाही, उभ्याच्या कामात फक्त आधार देतो, आणि झोपून, हर्निया आत गेल्यावरच बांधायचा असतो. बाहेर आलेल्यावर पट्टा आवळणं धोक्याचं. मे महिन्यात त्याखाली घामानं कातडी सोलवटायची. बाबांनी पोलादाची पट्टी घालून मे महिने कसे काढले असतील?

रात्री झोपताना तो आत घालवायचा. उताणं पडायचं, गुडघे वर घ्यायचे, पोट सैल सोडायचं. बहुतेकदा आपोआप जायचा. नाहीतर हलक्या हातानं थोडा आधार. जाताना कधी कधी गुर्र असा बारीक आवाज यायचा. आमच्याकडे पूर्वी आयुर्वेदाची पुस्तकं छापायला यायची, त्यातल्या एकाचा जुना छापील फर्मा चाळताना मला तो आवाज भेटला. सुश्रुतसंहितेच्या निदानस्थानात आंत्रवृद्धीचं वर्णन आहे: जड ओझं उचलल्यानं, आपल्याहून बलवानाशी झुंजल्यानं, झाडावरून पडल्यानं आतड्याचा भाग जांघेच्या सांध्यापाशी येऊन गाठीसारखा राहतो, दाबला की आवाज करत वर जातो, सोडला की पुन्हा फुगतो. आणि शेवटी, हा असाध्य. ज्या कुणी ते लिहिलं त्यानं कुणाच्या तरी जांघेवर हात ठेवून तो आवाज ऐकला होता. कधीचा तो रोगी कोण होता, त्यानं वैद्याला किती दिवसांनी सांगितलं असेल?

कागदाच्या टेंपोवरचे हमालमामा आमच्याकडे वीस वर्षं येतायत. मी गाडी ढकलताना पाहून त्यांनी विचारलं, “मालक, रीम उचलत न्हाई आताशा?” मी सांगितलं. त्यांनी हातातलं रीम खाली ठेवलं आणि इकडेतिकडे बघून म्हणाले, “माझीबी उतरलीया. धा वर्सं झाली.” ते पुढे म्हणाले, गमछा घट्ट बांधतो आणि उचलतो, थांबून कसं भागंल. मी सहज थांबू शकत होतो कारण माझ्या छापखान्यात रीम उचलायला दुसरं कुणी होतं. तो दुसरा कुणी म्हणजे हेच. त्या दिवसानंतर ‘लक्ष ठेवून थांबा’ हा सल्ला माझ्या कानाला तितका सरळ वाटेनासा झाला. त्यांना मी डॉक्टरांकडे घेऊन गेलो. ससूनमध्ये त्यांचं ऑपरेशन माझ्या आधी झालं. भरून येईपर्यंत त्यांना आमच्याकडे बसून घड्या घालायचं काम दिलं. घडी त्यांना छान जमते.

मध्ये कोरोना आला. ठरवून करायची ऑपरेशनं सगळीकडे पुढे ढकलली गेली, आणि मला एकच भीती होती, खोकल्याची. २०२१ च्या एप्रिलमध्ये मला तो झालाच. तापापेक्षा खोकल्यानं रडवलं. चौदा दिवस उशी जांघेवर दाबून खोकत होतो. गाठ सुपारीची लिंबाएवढी झाली ती तेव्हा.

मग २०२३ चा जानेवारी. थंडी, सर्दी, रात्रभर ढास. पहाटे तीनच्या सुमाराला मला जाग आली ती दुखण्यानं. हात लावला तर गाठ टणक. उताणा झालो, गुडघे वर घेतले. जाईना. अंगाला घाम सुटला. मला सांगून ठेवलेलं होतं: गाठ टणक आणि दुखरी झाली, आत जाईना, वरची कातडी लाल किंवा काळपट पडली, उलटी झाली, वारा सरणं बंद झालं, तर जोर लावून दाबत बसायचं नाही, घरगुती उपाय नाहीत, सरळ हॉस्पिटल. अडकलेल्या आतड्याचा रक्तपुरवठा तुटला तर काही तासांचाच खेळ असतो. मी बायकोला उठवलं. ती एक शब्द न बोलता मुलाला हाक मारून आली, त्यानं गाडी काढली. मी जिना उतरायच्या आधी पुन्हा एकदा पडलो, पाय भिंतीला लावले. बायकोनं माझं डोकं धरलं होतं. घड्याळात तीन चाळीस झाले तेव्हा गुर्र असा आवाज आला आणि ती आत गेली.

तरी आम्ही गेलो. तपासून घेतलं. घरी येताना लक्ष्मी रोडवर चिटपाखरू नव्हतं, आणि मी मुलाला म्हणालो, “आता करून टाकू.”

ऑपरेशनचं फार सांगण्यासारखं नाही, पण एक गोष्ट माझ्या धंद्यातली आहे. पान फाटलं की नवशिक्या बाइंडर दोन्ही कडा ओढून चिकटवतो. ते पान पुन्हा फाटतं, शेजारीच, कारण ताण तसाच राहतो. मुरलेला बाइंडर कडा ओढत नाही. फाटीखाली पातळ जाळीदार कापड खळ लावून बसवतो, दोन्ही बाजूंना बोटभर जास्त. हर्नियाचा इतिहास थेट हाच आहे. इटलीत पादुआला एदुआर्दो बासिनी यांनी १८८४ मध्ये जांघेची भिंत थर ओळखून शिवायची रीत काढली. त्याआधी फार जणांचा हर्निया परत यायचा, त्यांच्या रीतीनं पुष्कळच कमी झाला. पण ती कडा ओढून घातलेली शिवण होती. १९८० च्या दशकात लॉस एंजेलिसच्या लिख्टेनस्टाइन यांनी ताण न देता खाली पॉलिप्रॉपिलीनची जाळी घालायला सुरुवात केली. आणि आपल्या पुण्याचे डॉ. मोहन देसरडा यांनी जाळीविना करायची रीत मांडली, २००१ मध्ये ती प्रसिद्ध झाली: पोटाच्या बाहेरच्या स्नायूच्या पडद्याचीच एक पट्टी मोकळी करून ती भिंतीला लावायची. त्याच पुस्तकाच्या कागदानं त्याच पुस्तकाची डागडुजी. मला ते ऐकून फार आवडलं. पण माझे सर्जन जाळीचं ऑपरेशन रोज करतात, आणि हाताला जे बसलेलं असतं तेच कारागिराकडून करून घ्यावं असं मी मानतो. मी जाळी घेतली, पंधरा बाय साडेसात सेंटिमीटर.

कमरेत इंजेक्शन, तासाभराचं काम, दुसऱ्या दिवशी घरी. आठवडाभर खालचा सगळा भाग जांभळा झाला होता. तसं होतं हे आधी सांगितलं नसतं तर मी घाबरलो असतो. दहांतल्या एखाद्याला जांघेत पुढे बरेच दिवस दुखतं, तेही सांगितलं होतं. मला दुखत नाही, पण टाक्यांच्या खाली चार बोटं जागा बधिर आहे. अजून.

घरी आलो त्या आठवड्यात मुलगा माझ्यापाशी येऊन बसला. चोवीस वर्षांचा, व्यायामशाळेत जातो, आपल्या वजनाहून जास्त वजन उचलतो. म्हणाला, “नेमकं कुठे असतं हे?” मी त्याला दोन बोटं कुठं ठेवायची ते सांगितलं. उभं राहून ठेव. आता खोक. तो खोकला. “काही लागत नाही,” म्हणाला. “लागलं तर त्याच दिवशी सांगशील?” त्यानं मान हलवली.

आई दारात उभी होती. एक्याऐंशी वर्षांची, कानानं जरा कमी. तिनं किती ऐकलं माहीत नाही. मुलगा गेल्यावर ती पलंगावर येऊन बसली, माझ्या पांघरुणाचा कोपरा सारखा करत. मग म्हणाली, “यांना अंतर्गळ होता. तू लहान होतास.”

मी म्हणालो, “पट्टा पाहिला मी. गादीवर तुझा टाका आहे.”

ती थोडा वेळ गप्प बसली. “मला कधी सांगितलं नाही त्यांनी. पट्टा धोतराच्या आत वाळत घालायचे, कुणाला दिसू नये म्हणून. एकदा गादी फाटलेली दिसली, मी माझ्या पातळाचा तुकडा लावून होता तिथं ठेवला. त्यांनी बघितलं, बोलले नाहीत. पुढच्या वेळी फाटली तेव्हा माझ्या शिवणाच्या डब्याशेजारी ठेवून गेले. बास, तेवढंच बोलणं झालं त्यावर आमचं.”

“ऑपरेशन का नाही केलं?”

“डॉक्टर महिनाभर पडून राहायला सांगत होते म्हणे. छापखाना कुणी चालवायचा? मग ताईचं लग्न आलं. मग तुझं कॉलेज.”

मला वाटलं संपलं. ती उठली, पाण्याचा तांब्या माझ्या हाताशी सरकवला, आणि दारापर्यंत जाऊन थांबली.

“तुला खांद्यावर घेता यायचं नाही ना. ते मिरवणुकीच्या आदल्या रात्री बसायचे खोकं घेऊन. बारा-बारा वाजेपर्यंत पॉलिशपेपर मारत. तू अनवाणी उभा राहायचास. पायात सल जाईल म्हणायचे पोराच्या.”

सहा आठवड्यांनी छापखान्यात गेलो तेव्हा ते खोकं काढलं. माळ्यावर जुन्या ब्लॉकच्या मागे होतं. पालथं घातलं आणि त्यावरून हात फिरवला. तळाची बाजू, माझे पाय असायचे ती, गुळगुळीत आहे, काचेसारखी. चारही कुशी खरबरीत आहेत अजून.